कारण सांगा, तेही भर कोर्टात

काका जिना उतरून खाली आले आणि बस उभी नव्हती.

कुणाला वाटेल, यात काय एवढं? बस आहे, ती जायचीच. पण काकांची बस जात नसे. एवढ्या वर्षांत काका खाली उतरत तेव्हा समोरच्या थांब्यावर ती इंजिन घरघरवत, दार उघडं टाकून उभी असे. काका चढत आणि ती सुटे. थांब्यावर ताटकळणारी माणसं त्यांनी इतर रस्त्यांवर पाहिली होती आणि त्यांना त्यांची कीव येई. ‘आपण आणि बस, दोघंही वेळेचे पक्के,’ असा त्यांनी याचा अर्थ लावला होता. इमारतीत लहानथोर सगळे त्यांना घड्याळकाका म्हणत. ते कौतुकानंच म्हणतात, याबद्दल काकांना तिळमात्र शंका नव्हती.

त्यातून काका एका विमा कंपनीत हजेरी विभागाचे प्रमुख. कोण किती उशिरा आला हे पाहून त्याच्या नावापुढे लाल शेरा मारायचा, हे त्यांचं काम. नुसता शेरा मारून ते थांबत नसत. वर दोन शब्द सुनावत. “मी घरातून निघतो आणि बस उभी असते. याला नियोजन म्हणतात,” हे त्यांचं वाक्य कचेरीत इतकं पाठ झालं होतं, की काकांनी ‘मी घरातून’ म्हणताच उशिरा आलेला माणूस पुढचं मनातल्या मनात पुरं करी.

आणि आज बस नव्हती. थांब्याच्या खांबावर एक नवा कागद चिकटवलेला होता. परिवहन प्राधिकरणानं सकाळच्या या बसची वेळ दहा मिनिटं अलीकडे आणली होती, शिवाय थांब्यावर निष्कारण रेंगाळायचं नाही अशी चालकाला ताकीद दिली होती. खाली सही, शिक्का. कारण काही नाही.

काकांनी मान वर करून पाहिलं. दुसऱ्या मजल्यावरच्या गॅलरीत काकू उभ्या होत्या. हातात काकांचा अंघोळीचा पिवळा टॉवेल.

“गेली का हो?” काकूंनी विचारलं.

“गेली कशी? मी इथे असताना गेली कशी?” काका कडाडले. “आणि तो ओला टॉवेल रस्त्याकडच्या कठड्यावर वाळत घालू नकोस म्हणून किती वेळा सांगितलंय! मागे दोरी आहे ना?”

काकूंनी टॉवेल मुकाट्यानं आत नेला. काका टॅक्सीनं कचेरीत पोचले, तेव्हा सगळे आपापल्या जागेवर बसलेले होते आणि कुणीही त्यांच्याकडे पाहत नव्हतं. न पाहण्याचा तो प्रयत्न इतका मनापासून चालला होता, की काकांच्या कानाच्या पाळ्या तापल्या. स्वतःच्या नावापुढे लाल शेरा मारावा की नाही, यावर त्यांनी जेवणाच्या सुट्टीपर्यंत विचार केला आणि अखेर मारला. पण पेन्सिलीनं.

संध्याकाळी इमारतीच्या जिन्यात आपोआपच सभा भरली. जिन्यातल्या सभेला अध्यक्ष नसतो, म्हणून ती लांबते. निवृत्त पोस्टमास्तर रोज याच बसनं खांद्याच्या व्यायामाला जात. ते म्हणाले, “अर्ज करा. अर्जाला पोच घ्या. पोचेची नक्कल काढा. मग बघू, कोण कसा दाबून ठेवतो.” सोसायटीचे सेक्रेटरी म्हणाले, “ठराव करू.” सेक्रेटरींना ठरावाचं इतकं वेड, की पाण्याची टाकी फुटली तेव्हाही त्यांनी प्लंबरच्या आधी ठरावाची सभा बोलावली होती.

खालच्या मजल्यावरच्या टेलरबाई मात्र काकुळतीला आल्या. “काका, तुम्ही लढाच. तुम्ही आहात म्हणून आमचं सकाळचं निभत होतं. आता आम्ही कुणाच्या तोंडाकडे बघायचं?”

काकांनी कॉलर ताठ केली. आपल्या वक्तशीरपणाचा शेजाऱ्यांना एवढा आधार वाटत असेल, याची त्यांना कल्पना नव्हती. पोस्टमास्तर एकाएकी का खोकायला लागले, ते मात्र त्यांना कळलं नाही.

रात्री जेवताना काकू म्हणाल्या, “अहो, मी तुम्हाला दहा मिनिटं लवकर उठवीन. त्यात काय एवढं?”

“प्रश्न दहा मिनिटांचा नाही, तत्त्वाचा आहे,” काका म्हणाले. मध्यमवर्गीय माणसाच्या तोंडी एकदा तत्त्व हा शब्द आला, की घरातल्यांनी पुढचे सहा महिने गृहीत धरावेत. काकूंनी ते धरले आणि आमटी वाढली.

दुसऱ्या दिवशी रजा टाकून काका परिवहन प्राधिकरणाच्या कार्यालयात गेले. पहिल्या खिडकीनं दुसरीकडे पाठवलं, दुसरीनं वरच्या मजल्यावर, आणि वरच्या मजल्यानं पुन्हा पहिल्या खिडकीकडे. पहिल्या खिडकीतला कारकून आता डबा खात होता. काकांनी मार्ग आणि थांबा सांगितला तेव्हा त्याचा घास हातातच राहिला.

“वेळ बदलण्याची कारणं हवीत? आहेत ना. पण साहेब, तुम्ही ती विचारू नयेत असं आपलं मला वाटतं.”

“का विचारू नयेत?”

“तुमच्या वयाचा मान ठेवून म्हणतोय.”

काकांच्या अंगाचा तिळपापड झाला. आवाज चढलेला ऐकून आतून डेपो मॅनेजर बाहेर आले. चाळिशीतले, सौम्य चेहऱ्याचे गृहस्थ. त्यांनी काकांना खुर्ची दिली, चहा मागवला आणि बराच वेळ काकांकडे नुसते पाहत राहिले.

“तुम्हीच का ते?” ते शेवटी म्हणाले. “बरं झालं, एकदा प्रत्यक्ष पाहायला मिळालात. ऐकून होतो.”

आपली कीर्ती इथवर पोचली आहे हे पाहून काका किंचित निवळले. पण कारण मात्र मॅनेजरनी सांगितलं नाही. “प्रशासकीय आहे,” एवढंच म्हणाले. “सगळ्यांच्या दृष्टीनं हेच बरं. तुमच्याही.”

आता कोर्टाशिवाय मार्ग नव्हता. सुदैवानं, किंवा दुर्दैवानं म्हणा, काकूंचा धाकटा भाऊ वकील होता. भाडेकरूंचे तंटे चालवून त्याच्या चेहऱ्यावर कायमची दमणूक आलेली होती. त्यानं सगळं ऐकून घेतलं, मग बहिणीकडे पाहिलं. बहिणीनं स्वयंपाकघराकडे पाहिलं.

“भाऊजी,” मेहुणा म्हणाला, “कोर्ट काही बसचं वेळापत्रक बनवत नाही. बस किती वाजता सोडायची ते त्या लोकांनी ठरवायचं. कोर्ट एवढंच बघतं, की त्यांनी नीट विचार करून ठरवलं की लहर लागली म्हणून.”

“लहरच लागली! कारण असतं तर सांगितलं नसतं?”

“समजा, कारण असलं तर?”

“तर जाहीर करावं. लपवायला काय झालं?”

“भाऊजी, आपण वेळेबद्दल बोलू, थांब्याबद्दल बोलू, कागदावरच्या सहीबद्दल बोलू. कारण मात्र मागायला नको.”

“कारणच मागायचं!” काकांनी टेबलावर मूठ आपटली. “मी जन्मभर उशिरा आलेल्या माणसांना कारणं विचारत आलोय. सरकारला विचारायला मी भितो की काय?”

मेहुण्यानं कारण मागितलं. दुसरं करतो काय? बहीण त्या घरात नांदत होती.

सुनावणीच्या दिवशी अख्खी इमारत कोर्टात लोटली. सेक्रेटरी ठरावाची प्रत घेऊन आले होते, पोस्टमास्तर पोचेची नक्कल घेऊन. टेलरबाईंनी दुकान बंद ठेवलं होतं. काकू शेवटच्या बाकावर, भिंतीला टेकून बसल्या होत्या. पलीकडे परिवहनचे वकील, डेपो मॅनेजर आणि त्यांच्यामागे खाकी कपड्यातला, टोपी मांडीवर ठेवलेला बसचा ड्रायव्हर. काकांनी त्याच्याकडे पाहून ओळखीचं स्मित केलं. त्यानं पटकन खाली पाहिलं.

काकांच्या प्रकरणाचा पुकारा झाला तेव्हा काका जागेवर नव्हते. ते उपाहारगृहात चष्मा शोधत होते. मेहुण्यानं न्यायाधीशबाईंकडे थोडा वेळ मागितला. न्यायाधीशबाई थांबल्या, टंकलेखक थांबला, सगळं कोर्ट थांबलं, आणि काका ऐटीत आत येऊन खुर्चीत बसले. इमारतीतल्या मंडळींनी एकमेकांकडे पाहिलं नाही, पण पोस्टमास्तरांना पुन्हा खोकला आला.

“निर्णय घेण्याचा अधिकार प्राधिकरणाचा आहे,” न्यायाधीशबाई म्हणाल्या. “त्यात आम्ही ढवळाढवळ करणार नाही. पण वेळ बदलायला कारण होतं का, एवढं तरी आम्हाला कळायला हवं.”

परिवहनचे वकील उठले आणि चाचरले. “कारण आहे. पण ते जरा खासगी स्वरूपाचं आहे. आपल्या दालनात सांगायची परवानगी मिळावी.”

“आमची हरकत नाही,” मेहुणा घाईघाईनं म्हणाला.

“हरकत आहे!” काका ताडकन उभे राहिले. “कारण सांगा, तेही भर कोर्टात! बसचं वेळापत्रक म्हणजे काय कुणाच्या घरची भानगड आहे?”

मेहुण्यानं त्यांना कोट धरून खाली ओढलं, पण शब्द बाहेर पडून गेला होता. न्यायाधीशबाईंनी मान हलवली आणि डेपो मॅनेजर उभे राहिले.

“त्याचं असं आहे,” ते जमिनीकडे बघत म्हणाले, “ही बस या थांब्यावर रोज सात-आठ मिनिटं उभी राहायची. त्यामुळे ती पुढे उशिरा पोचायची आणि शेवटच्या थांब्यावर उतरणाऱ्या लोकांची इस्पितळाकडे जाणारी बस चुकायची. फार तक्रारी आल्या. मी ड्रायव्हरला विचारलं, बाबा, तू थांबतोस कशाला? तो म्हणाला, एक साहेब आहेत, ते खाली उतरेपर्यंत थांबतो. म्हटलं, ते उतरणार आहेत हे तुला कसं कळतं? तर म्हणाला, टॉवेल असतो.”

“काय असतो?” न्यायाधीशबाईंनी विचारलं.

“टॉवेल. पिवळा. समोरच्या इमारतीत, दुसऱ्या मजल्यावर. गॅलरीत टॉवेल आहे म्हणजे साहेब घरात आहेत, पण येणार आहेत. टॉवेल आत गेला म्हणजे साहेब जिन्यात. नसलाच, तर आज रजा. साहेबांना दुखवायचं नाही आणि ड्रायव्हरचीही नोकरी सांभाळायची, म्हणून मी गुपचूप वेळच अलीकडे आणली. वाटलं, कुणाला काही कळायला नको.”

काकांना आधी हसू आलं. कोण हा बावळट साहेब, हे पाहायला त्यांनी मान वळवलीसुद्धा. सेक्रेटरी छताकडे पाहत होते. पोस्टमास्तर बुटाची नाडी बांधत होते. त्यांच्या बुटांना नाड्या नव्हत्या. शेवटच्या बाकावर काकूंनी पदर तोंडावर धरला होता. आणि मग ते पिवळेपण हळूहळू काकांच्या डोक्यात उतरलं. तो ओला टॉवेल. रोज रस्त्याकडच्याच कठड्यावर. आणि आपण त्यावरून तिला बोलत आलो.

एवढ्या वर्षांत थांब्यावर येणारी बस आपण कधी पाहिलीच नाही, फक्त उभी असलेली पाहिली, हे त्यांना त्या क्षणी कळलं. बसमधली ती सगळी माणसं रोज सकाळी मान वर करून आपला टॉवेल पाहत बसायची, आणि आपण चढून त्यांच्याकडे जरा वरूनच बघायचो! जमीन दुभंगली असती तर त्यांनी कसलंही कारण न विचारता आत उडी टाकली असती.

“तुम्हाला हे माहीत होतं?” त्यांनी टेलरबाईंना हळूच विचारलं.

“सगळ्यांनाच हो, काका,” टेलरबाई कुजबुजल्या. “टॉवेल दिसला की मी निवांत वेणी घालायची. तुम्ही होता म्हणून तर आमचं निभायचं.”

प्रकरण इथे संपलं असतं तर काका मान खाली घालून घरी गेले असते. पण न्यायाधीशबाईंनी विचारलं, “या ड्रायव्हरवर काय कारवाई केलीत?”

डेपो मॅनेजरनी घाम पुसला. “आजवर काही नाही. मी ते कागदावर येऊ दिलं नव्हतं. पण आता भर कोर्टात नोंद झाली. आता निलंबन करावंच लागेल.”

ड्रायव्हरनं मांडीवरची टोपी एकदा उलटी केली आणि पुन्हा सुलटी केली. काकांना त्याचं नावही ठाऊक नव्हतं. त्यानं रोज आपल्यासाठी बोलणी खाल्ली असतील, आणि आपण एकदाही त्याला नमस्कार केला नाही, हे आठवून काकांना स्वतःचीच किळस आली. कारण त्यांनी मागितलं होतं आणि किंमत तो मोजणार होता.

मेहुणा उठला. दमलेला असला तरी तो वकील होता. “परिवहनचाच नियम आहे, की येणारा प्रवासी दिसत असेल तर चालकानं थांबावं. चालकाला प्रवासी दिसत होता.”

“टॉवेल दिसत होता,” परिवहनचे वकील म्हणाले. “टॉवेल म्हणजे प्रवासी नव्हे. टॉवेलाला तिकीट नाही.”

“टॉवेलामागे प्रवासी होता.”

“होता याला पुरावा काय? उद्या कुणीही गॅलरीत चादर टाकील आणि म्हणेल, मी येतोय!”

न्यायाधीशबाईंनी चष्मा काढून पुसला. कायद्याच्या पुस्तकात टॉवेलाविषयी काही नसावं. “प्रवासी स्वतः सांगत असेल, की टॉवेल असताना तो दर वेळी घरात होता आणि येतच होता, तर विचार करता येईल,” त्या म्हणाल्या. “पण तसं नोंदीवर घ्यावं लागेल. निकालात छापून येईल. अर्जदार सांगायला तयार आहेत का?”

सगळ्यांच्या माना काकांकडे वळल्या. काकांना समोर आपली कचेरी दिसली. निकाल तिथे कुणीतरी आणणार, वाचणार, पाठ करणार. मग त्यांनी ड्रायव्हरच्या मांडीवरची टोपी पाहिली आणि ते उभे राहिले.

“मी घरातून,” ते म्हणाले आणि थांबले. पुढचं वाक्य या वेळी वेगळं होतं. “मी घरातून उशिरा निघतो.”

“कधीकधी?”

“रोज.”

“काही अपवाद?”

“रविवार,” काका म्हणाले. त्यांचा आवाज त्यांनाच ऐकू येत नव्हता. “त्या दिवशी मी कुठे जात नाही.”

“जरा मोठ्यानं. टंकलेखकाला ऐकू आलं नाही.”

काकांनी ते मोठ्यानं सांगितलं. काकांचा अर्ज फेटाळला गेला. नवी वेळ कायम राहिली. ड्रायव्हरवर कारवाई करू नये, असंही ठरलं. कारण टॉवेल दिसत असताना येणारा प्रवासी दिसत आहे असंच मानावं, असं न्यायालयाचं मत पडलं. सेक्रेटरींनी त्या मजकुराची प्रत इमारतीच्या फलकावर लावली. त्यांनी ती अभिमानानंच लावली होती.

घरी आल्यावर काका बराच वेळ अंधारात खुर्चीत बसून राहिले. काकूंनी दिवा लावला, चहा ठेवला.

“मला सांगायचं नाहीस?” ते म्हणाले.

“कसं सांगणार?” काकू म्हणाल्या. “या घरात नवीन आलो तेव्हा एकदा चुकली होती तुमची बस. तीन दिवस घरात कुणी मोठ्यानं बोललं नाही. आपली पोर एवढीशी, तीसुद्धा चमचा वाजू नये म्हणून हातानं खात होती. मी म्हटलं, त्यापेक्षा टॉवेल बरा.”

काकांनी कप खाली ठेवला. कोर्टात लाज वाटली होती, ती चारचौघांची होती. वर्ष-दोन वर्षांत विरून गेली असती. चमचा न वाजवणारी पोर मात्र त्यांच्या डोळ्यांपुढून हलेना. मुलगी आता परगावी नोकरीला होती आणि तिच्या कचेरीत ती सगळ्यांच्या आधी पोचते, याचं श्रेय काका आजवर स्वतःला देत आले होते.

“उद्यापासून नको घालूस टॉवेल,” ते म्हणाले.

“नाही घालत.”

दुसऱ्या दिवशी काका वेळेच्या कितीतरी आधी खाली उतरले. थांब्यावर एकटेच होते. वळणावरून बस येताना दिसली तेव्हा ते भान हरपून पाहत राहिले आणि मग, ती इथे थांबतेच हे विसरून, त्यांनी हात केला. बस थांबली. काका चढले आणि ड्रायव्हरला त्यांनी वाकून नमस्कार केला. त्यानंही केला. काका खिडकीशी बसले. मागून टेलरबाई आणि पोस्टमास्तर धापा टाकत चढले. सगळे बसले. इंजिन घरघरत राहिलं. बस हलेना.

“अहो, चला ना,” काका शेवटी म्हणाले. “वेळ झाली.”

ड्रायव्हरनं काचेतून वर बोट दाखवलं. दुसऱ्या मजल्यावरच्या कठड्यावर पिवळा टॉवेल वाळत होता. काकूंच्या हाताला इतक्या वर्षांची सवय. टाकला असेल आणि गेल्या असतील आत.

“पण मी इथे आहे!” काका म्हणाले. “मी दिसतोय ना तुम्हाला?”

“तुम्ही दिसताय साहेब,” ड्रायव्हर अजिजीनं म्हणाला. “पण टॉवेलही दिसतोय. तो दिसतोय म्हणजे तुम्ही अजून यायचे आहात, असा कोर्टाचा निकाल आहे. मी आता कुणाचं ऐकू? कालच नोकरी जाता जाता वाचली माझी.”

बसमध्ये कुणी हसलं नाही. सगळ्यांनी जुन्या सवयीनं मान वर करून टॉवेलाकडे पाहिलं आणि मग हलकेच काकांकडे. शेवटच्या थांब्यावर कुणाची तरी इस्पितळाची बस चुकेल, हे काकांना आता ठाऊक होतं. त्यांनी काच सरकवली, अर्धं अंग बाहेर काढलं आणि रस्त्यावरच्या प्रत्येक खिडकीत ऐकू जाईल अशा आवाजात हाक मारली,

“अगं, टॉवेल आत घे! माझ्यामुळे बस थांबलीय!”